मालक वारले, उचल फिटली नाही. आता पोरीचं लग्न लावून कोयता द्या म्हणतेत

धारूरकडची

बोलून टाइप करते, शब्द मागंपुढं झाले तर समजून घ्या. गाव सांगत नाही. धारूर तालुका, बीड जिल्हा एवढं पुरे.

लग्न झाल्यापासून आम्ही दोघं ऊसतोडीला जातो. जातो म्हणजे जात होतो. मागच्या हंगामात सांगलीकडं होतो, डोकी सेंटरला, म्हणजे मोळ्या डोक्यावर वाहून गाडी भरायची. पोळ्याच्या सुमाराला मुकादमाकडून एका कोयत्याची उचल घेतली, १,२०,०००. (ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: कोयता म्हणजे जोडी, नवरा-बायको. एकट्याला अर्धा कोयता म्हणतेत.) त्यातून मागचं देणं दिलं, घरावर पत्रे टाकले, मामांच्या, म्हणजे सासऱ्यांच्या, डोळ्याचं ऑपरेशन केलं. दिवाळी झाली अन् गाडी भरून निघालो.

संक्रांतीच्या आधी मालकाला कावीळ झाली. डोळे पिवळे झाले तरी फडात येत होते, कारण एक खाडा म्हणजे हजार रुपये. कुणी सांगितलेलं झाडपाल्याचं औषध घेतलं. मोळी डोक्यावर घेतानाच पडले. तालुक्याच्या दवाखान्यातून मोठ्या दवाखान्यात नेलं, तिथं वारले. त्यांना घेऊन गावी आले ती मी परत गेले नाही.

चौदाव्याला मुकादम आला. चहा घेतला, हळहळला, अन् जाताना दिराच्या हातात वहीचं पान देऊन गेला. त्यात असं आहे:

उचल १,२०,०००. तोड झाली ४१,०००. राहिले ७९,०००. किराणाची खर्ची ८,०००. दवाखान्याला दिले २०,०००. खाडे १५,०००. बाकी १,२२,०००.

म्हणजे दोन महिने पहाटं चारला उठून ऊस तोडला, माणूस गेला, अन् घेतले त्यापेक्षा दोन हजार जास्तच देणं निघालं. खाडे कशाचे म्हणून विचारलं तर म्हणाला, मालक दवाखान्यात होते ते दिवस. त्यांच्या उशाला मी बसले होते, तर माझेही धरलेत.

आता घरातलं सांगते. मला एक पोरगी, नववीत गेली, चौदा पूर्ण. एक पोरगा चौथीत. जावेच्या भावाच्या मुलाचं स्थळ आणलंय पोरीला. मुलगा वीस-एकवीसचा, पीत नाही, चांगला आहे, त्याच्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. हुंडा नको, मानपान नको, लग्न तेच करून घेणार. लग्न झालं की दोघांचा नवा कोयता होतो. त्या कोयत्याला मुकादम दीड लाख उचल देणार, त्यातून माझी बाकी कापून घेणार, पोरीच्या हातात उरलेले अठ्ठावीस हजार. हे सगळं माझ्यासमोर बोटं घालून मोजलं. कुणाला काही वाटलं नाही. आत्याबाई, म्हणजे सासूबाई, म्हणाल्या, बापाविना पोर, जितक्या लवकर उजवली तितकं बरं.

नाहीतर म्हणतेत तू ये. पुतण्याशी जोडी लावून देऊ. तो सतरा वर्षांचा. एकटी बाई कोपीवर (फडातल्या झोपडीत) राहिली की काय काय बोलतेत ते फडात राहिलेल्यालाच माहीत. अन् गंमत अशी, की वर्ष झालं नाही म्हणून मला तहसीलला जायचं नाही, बँकेत जायचं नाही, कागद काढायचा तर दीर जाणार. फडात जायला मात्र वर्षाची अट नाही.

मला एवढंच विचारायचंय. ही बाकी माझ्यावर येते का? पोलिसात नेतो म्हणतो, नेऊ शकतो का? अन् पोरीला शिकवायचं म्हटलं तर ठेवू कुठं, कारण मला कुठंतरी कामाला जावंच लागंल.

काळाकोट_अंबाजोगाई

ताई, आधी दोन गोष्टी सांगा. उचल घेताना सही कुणाची घेतली, मालकांची एकट्यांची की तुमचीही? आणि मालकांच्या नावावर जमीन किती?

तोवर कुठल्याही स्टँपवर, वहीत, कोऱ्या कागदावर सही किंवा अंगठा देऊ नका. "नुसता हिशेब बघितला म्हणून" असं सांगूनच घेतात.

धारूरकडची

सही मालकाची एकट्याची. नोटरीचा कागद आहे, अन् त्यांच्या खात्याचा एक कोरा चेक मुकादमाकडं आहे. जमीन सव्वा एकर, ती मामांच्या नावावर. मालकाच्या नावावर काही नाही, एक जुनी मोटरसायकल सोडून.

पाचशेचा स्टँप दिरानं आणून ठेवलाय. देव्हाऱ्याच्या फळीवर आहे. रोज दिवा लावताना दिसतो.

काळाकोट_अंबाजोगाई

मग सविस्तर लिहितो.

माणूस मेला की त्याचं कर्ज त्याच्या मागे राहिलेल्या मालमत्तेतून वसूल होतं. वारसाच्या अंगावर येतं ते वारशात जेवढं मिळालं तेवढ्यापुरतंच. तुमच्या मालकांची मिळकत म्हणजे मोटरसायकल. (सव्वा एकर वडिलोपार्जित असेल तर त्यात त्यांचा, म्हणून तुमचा आणि लेकरांचा हिस्सा निघू शकतो. सासऱ्यांचा सातबारा आणि जुने फेरफार काढा. तो विषय वेगळा, पण सोडू नका.) तुमची स्वतःची मजुरी, तुमचे दागिने, तुमच्या खात्यातले पैसे यांना मुकादम हात लावू शकत नाही. तुम्ही आज त्या स्टँपवर सही केली की मात्र ते कर्ज तुमचं स्वतःचं होतं. देव्हाऱ्यावर स्टँप आहे तो त्याचसाठी.

कोऱ्या चेकचं भय बाळगू नका. चेक वटला नाही म्हणून जो फौजदारी खटला होतो तो सही करणाऱ्यावर. तो माणूस हयात नाही, बायकोवर तो चालत नाही. पोलीसही उधारी वसूल करून देत नाहीत, ते त्यांचं कामच नाही. बोलावलं तर विचारा, गुन्हा कोणता आणि नोटीस कुठे आहे.

आता महत्त्वाचं. पैसे देणं लागतं का हा एक प्रश्न. त्या पैशापोटी तुम्ही किंवा तुमच्या मुलीनं तोडीला आलंच पाहिजे का, हा दुसरा. मुकादम दोन्ही एकत्र करून बोलतोय. १९७६ चा वेठबिगार निर्मूलनाचा केंद्राचा कायदा आहे. आगाऊ रकमेच्या बदल्यात कर्ज घेणाऱ्यानं किंवा त्याच्या घरच्यानं काम करत राहायचं, दुसरीकडे जायचं नाही, याला तो वेठबिगार म्हणतो. तसं कर्ज तो रद्द समजतो आणि तसं काम करून घेणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद सांगतो. अर्ज जिल्हाधिकारी किंवा उपविभागीय अधिकाऱ्यांकडे जातो. तुमचं प्रकरण त्यात बसवायचं तर पुरावा लागेल, कारण मुकादम म्हणणार हा साधा ॲडव्हान्स होता. म्हणून ते वहीचं पान जपा. "पोरीच्या कोयत्यातून बाकी कापतो" हे त्याच्या तोंडचं फोनवर आलं तर रेकॉर्डिंग ठेवा.

लग्नाचं: मुलगी चौदाची आहे. २००६ च्या बालविवाह प्रतिबंध कायद्यात लग्न लावणारे, ठरवणारे, त्यात सामील होणारे सगळे येतात. दोन वर्षांपर्यंत सक्तमजुरी किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. आधी कळलं तर कोर्ट मनाई हुकूम देतं, आणि मनाईनंतर लावलेलं लग्न मुळातच रद्द असतं. हे दिरांना शांतपणे ऐकवा. नवरदेव वीस-एकवीसचा म्हणताय, शरीरसंबंध आला की त्याच्यावर तर पॉक्सोही, म्हणजे बालकांवरील लैंगिक अत्याचाराचा कायदाही लागेल. चांगला मुलगा आहे म्हणता, तर त्याच्या आईबापांनाही हे कळू द्या.

वडवणीचा_मुकादम

वकील साहेब बरोबर बोलले, पण मुकादम म्हणजे राक्षस असं समजू नका म्हणून लिहितोय. मी स्वतः मुकादम आहे, चौदा कोयते नेतो. आम्हाला पैसे वाहतूकदार देतो, त्याला कारखाना. माझ्या जमिनीचे कागद त्याच्याकडं आहेत. कोयता पळाला की माझं शेत जातं. दोन मुकादमांकडून उचल घेऊन तिसऱ्याच्याच गाडीत बसणारेही मी पाहिलेत. कमिशन वीस टक्के दिसतं, त्यातून बुडीत वजा करा मग बोला.

तरी ताई, या हिशेबात मला दोन ठिकाणी खोट दिसती. माणूस दवाखान्यात असताना खाडा लावायचा अन् त्याच दवाखान्याचे पैसेही लावायचे, असं आम्ही तरी करत नाही. दुसरं, तोड ४१,००० कशावरून? सध्याचा दर टनाला ३६६ च्या घरात आहे, म्हणजे साधारण ११२ टन होतात. दोन महिन्यांत एका चांगल्या कोयत्याचे इतके होतात, पण जास्तही होऊ शकतात. वहीवर जाऊ नका. गाडी काट्यावर वजन होते, तिथं टोळीच्या नावानं स्लिप निघते. कारखान्याच्या शेती खात्यात तुमच्या टोळीचं टनेज मिळतं. शिवाय वाढे (उसाचे हिरवे शेंडे) कुणी विकले, त्याचे पैसे कुणाकडं गेले, तेही विचारा. आमच्याकडं वाढे तोडणाऱ्या बाईचे.

मयताची बाकी बरेच मुकादम निम्मी सोडतात. पण लेखी कुणी सोडत नाही, हेही खरं.

बालाघाट_पाटील

कायदा कायदा सगळे सांगतील, निभवायला कुणी येत नाही. ताई, उद्या हंगामाला सगळं गाव रिकामं होतं. म्हातारा-म्हातारी अन् चौदा-पंधरा वर्षांची पोर घरात. काही बरंवाईट झालं तर हे वकील येणार आहेत का? लोक पोरी उजवतात ते हौसेनं नाही. भावकीला दुखवून बाईमाणसानं जगणं सोपं नसतं. वय दोन-चार वर्षं मागंपुढं, पदरात घ्या.

धारूरकडची

पाटील, तुम्ही म्हणता ती भीती मलाही आहे. मी रात्री झोपत नाही त्याचं तेच कारण आहे. पण पोरगी कोपीवर गेली की भीती संपते का? कोपीला दार नसतं. आंघोळीला आडोसा नसतो. मी सोळाव्या वर्षी गेले होते, पोटात पोरगी असताना मोळ्या वाहिल्या. भावकीला दुखवायचं नाही म्हणता, तर भावकीनं बाकीतले वीस हजार तरी भरावेत. वहीच्या पानावर एकानंही हात ठेवला नाही.

चाकणची_माय

ताई, मी शिरूर कासारची. माझं लग्न गेटकेन झालं. कारखान्याच्या गेटासमोर, चार माणसांत, ऊस उतरून रिकाम्या झालेल्या ट्रॉलीशेजारी हार घातले. पंधरा वर्षांची होते. दुसऱ्या दिवशी फडात. तिशी गाठायच्या आत गर्भपिशवी काढली, कारण दर महिन्याला खाडा परवडत नव्हता अन् डॉक्टर म्हणाला ठेवली तर कॅन्सर होईल. आमच्या गल्लीत पाच जणींची काढलेली आहे. २०१९ ला पेपरात आलं, विधानसभेत गाजलं, समिती आली, नावं लिहून घेतली. पिशवी गेलेलीची कंबर मात्र अजून दुखतीच.

पोरीसाठी दोन ठिकाणी बघा. एक, ऊसतोड कामगारांच्या लेकरांसाठी संत भगवानबाबा शासकीय वसतिगृह, मुलींचं वेगळं. बीडला समाजकल्याणच्या सहायक आयुक्तांच्या ऑफिसात विचारा, धारूरला जागा नसंल तर कुठल्या तालुक्यात आहे ते सांगतील. ऊसतोड कामगार असल्याचा दाखला लागतो, तो ग्रामपंचायत देते. दोन, कस्तुरबा गांधी विद्यालय, तिथंही राहायची सोय असती. माझी भाची तशीच राहून बारावी झाली, आता नर्सिंगला आहे.

गावात हंगामी वसतिगृह निघतं त्याच्यावर भरवसा ठेवू नका. तिथं जेवायला मिळतं, झोपायला पोरं घरीच जातेत.

कामाचं म्हणाल तर मी इकडं एका कंपनीच्या कॅन्टीनला चपात्या करते. खोलीभाडं जाऊन हातात फार राहत नाही, उगाच स्वप्न दाखवत नाही. पण महिन्याचा पगार महिन्याला मिळतो, कुणाची उचल डोक्यावर नाही. यायचं असलं तर सांगा, चार दिवस माझ्याकडं राहून बघा.

ग्रामसेवक_भाऊ

(हुद्दा आता ग्रामपंचायत अधिकारी झालाय, काम तेच.)

बालविवाहाच्या कायद्याखाली गावात आम्हीच प्रतिबंधक अधिकारी असतो, हे बऱ्याच आयांना माहीत नसतं. अंगणवाडीताईला सांगा, ती आमच्यापर्यंत आणते. ग्रामसेवक टाळाटाळ करत असेल, आणि करतात, कारण गावात राहायचं असतं, तर चाइल्डलाइनच्या १०९८ ला फोन करा. तुमचं नाव बाहेर येत नाही. पोरगी स्वतः फोन करू शकते.

पैशाच्या सोयी: संजय गांधी निराधार योजनेत विधवेला महिन्याला १,५०० मिळतात, उत्पन्नाचा दाखला २१,००० च्या आतला लागतो. लाडकी बहीणचे पैसे चालू असतील तर दोन्ही एकदम मिळत नाहीत. लेकरांसाठी बालसंगोपन योजना आहे, एका लेकराला २,२५० महिन्याला, बाप नसलेल्यांना लागू. हिचा अर्ज महिला व बालविकासकडे जातो. गावात फार कमी लोक भरतात, मला तर ही सगळ्यात कामाची वाटते.

एक अडचण आधीच सांगतो. मालक सांगलीकडे वारले, म्हणजे मृत्यूची नोंद तिथल्याच नगरपालिकेत किंवा ग्रामपंचायतीत असणार. तुमच्या गावात दाखला निघणार नाही, हेलपाटे मारू नका. दवाखान्याचा कागद बघा, त्यावरून कुठं नोंद झाली ते कळेल. तो दाखला हातात आल्याशिवाय वरची एकही योजना हलत नाही.

धारूरकडची

सगळ्यांचे आभार. काय झालं ते सांगते.

स्टँप देव्हाऱ्यावरून काढून दिराच्या हातात दिला. म्हटलं मुकादमानं काट्याच्या स्लिपा आणू द्या, मग बोलू. दीर दोन दिवस बोलले नाहीत. जाऊ अजून बोलत नाही, तिच्या माहेरच्या स्थळाचा अपमान झाला म्हणते. मी तिला फक्त पॉक्सोचं ऐकवलं, अन् तिच्या भावाला फोनवर तेच सांगितलं. भाऊ म्हणाला आम्हाला वय सतरा सांगितलं होतं. खरं-खोटं देव जाणे, पण स्थळ आता थंड झालंय.

मुकादमाचा फोन आला होता. पोरगी शेजारी होती, तिनं रेकॉर्डिंग लावलं. तो म्हणतो खाडे सोडतो, एक लाख सात हजार कर. म्हणजे सोडायला येतेत.

अंगणवाडीताईनं हेडमास्तरांना सांगितलं. सर घरी येऊन मामांशी बोलले. मामा म्हणाले, माझ्या डोळ्याच्या ऑपरेशनाचे पैसे त्याच उचलीतले, पोरीनं का फेडायचे. मामा असं बोलतील असं मला वाटलं नव्हतं. आत्याबाईंचं मात्र तेच चालू आहे, वर्ष होऊ दे, वर्ष होऊ दे.

मृत्यूच्या दाखल्यासाठी सांगलीला माझा भाऊ जाणार आहे. मला जाऊ देत नाहीत. अन् बालसंगोपनचा अर्ज कोऱ्या कागदावर लिहायचा का छापील असतो? वकील साहेब, तुमची फी किती होईल तेही सांगा, आधी सांगितलेलं बरं.

वडवणीचा_मुकादम

एक लाख सातवर थांबू नका. दवाखान्याच्या वीस हजाराच्या पावत्या मागा. काही ठिकाणी वाहतूकदार दवाखान्याचे पैसे देतो अन् मुकादम आपल्या वहीत लावतो. माझं नाव कुठं घेऊ नका.

ग्रामसेवक_भाऊ

अर्ज छापील असतो, बीडला जिल्हा महिला व बालविकास अधिकाऱ्यांच्या ऑफिसात मिळतो. अंगणवाडीताईलाही आणून द्यायला सांगा. लेकरांचे शाळेचे बोनाफाइड, आधार, रेशनकार्ड आणि मृत्यूचा दाखला जोडायचा. भाऊ सांगलीला जातोय तर दाखल्याच्या चार-पाच प्रती एकदमच काढायला सांगा, प्रत्येक ठिकाणी मूळ प्रत मागतात.

काळाकोट_अंबाजोगाई

फी नाही ताई. बाईला उत्पन्न कितीही असो, सरकारी खर्चानं वकील मिळतो, १९८७ चा विधी सेवा कायदा तसा आहे. धारूरच्या कोर्टात तालुका विधी सेवा समिती आहे, तिथं साध्या कागदावर अर्ज द्यायचा. जाता येत नसेल तर विधी सेवेच्या १५१०० ला फोन करा.

वेठबिगारीचा अर्ज मी लिहून ठेवतो. त्याआधी मुकादमाला साधी नोटीस पाठवू, की कारखान्याच्या टनेजसह लेखी हिशेब द्या आणि मालकांचा चेक परत करा. पुष्कळदा गोष्ट तिथंच थांबते. तुमच्या तोंडी बोलण्यात "बाकी देईन" असा शब्द येऊ देऊ नका, "हिशेब दाखवा" एवढंच म्हणत राहा.

वहीच्या पानाचा दोन्ही बाजूंचा फोटो आणि ते रेकॉर्डिंग पोरीकडून मला पाठवा. मूळ पान दिरांकडे असेल तर आधी ते मागून घ्या.